निर्णय दोघांचा, जाब मात्र तिलाच

एड्रियन लाइन यांचा १९९३ सालचा ‘इन्डिसेंट प्रपोजल’ हा चित्रपट परवा पुन्हा पाहिला. एक अब्जाधीश दहा लाख डॉलरच्या बदल्यात एका विवाहितेबरोबर एक रात्र मागतो, एवढ्यावरच तो लोकांच्या लक्षात राहिला आहे आणि त्या बायकोने, डायनाने, जायला हवे होते की नको, यावरच वाद होत असतात. मला मात्र त्या रात्रीपेक्षा तिच्या आधीची, नवरा-बायकोने अंथरुणात जागून काढलेली रात्र अधिक महत्त्वाची वाटते.

मंदीमुळे डायनाच्या नवऱ्याचे, वास्तुविशारद डेव्हिडचे, काम गेले आहे, हौसेने बांधायला घेतलेल्या घराची जमीन बँकेच्या ताब्यात जाण्याच्या बेतात आहे आणि वडिलांकडून उसने आणलेले पाच हजार डॉलर लास व्हेगासच्या जुगारात आधी वाढून मग पार बुडाले आहेत. अब्जाधीश जॉन गेजचा प्रस्ताव दोघेही तोंडावर नाकारतात. पण त्या अंधारात डायना हळूहळू विषय काढते, हे तुझ्यासाठी करेन म्हणते आणि डेव्हिड तिला ठामपणे ‘नको’ म्हणत नाही. गच्चीवरून हेलिकॉप्टर उडताना तो धावत पोहोचतो खरा, पण तोवर वकील मित्राने करारनामाही तयार केलेला असतो.

पुढे जे घडते ते मला फार अस्वस्थ करते. होकार दोघांचा होता, तरी चौकशी तिची एकटीची होते. तिच्या पाकिटात गेजचे कार्ड सापडले की तिच्यावर संशय घेतला जातो. स्वतःच्या होकाराबद्दल मात्र डेव्हिड स्वतःला काहीच विचारत नाही. कर्जबाजारी माणसाच्या संमतीला कितपत मोकळी संमती म्हणायचे, हा प्रश्न चित्रपटाने इथे धरून ठेवायला हवा होता. त्याऐवजी गेजच्या भूमिकेत रॉबर्ट रेडफोर्ड यांच्यासारखा देखणा, सभ्य नट घेऊन त्या सौद्याची कुरूपता झाकली आहे. डेव्हिड-डायनाच्या घराची तीच जमीन पुढे गेजने विकत घेतलेली असते, यातली क्रूरताही त्या देखणेपणात विरून जाते.

शेवटी, दोघे वेगळे झालेले असताना, प्राण्यांच्या लिलावात डेव्हिड ते दहा लाख एका पाणघोड्यासाठी देऊन टाकतो, घटस्फोटाच्या कागदांवर सही करतो आणि एकत्र राहणारी माणसे विसरतात म्हणून नव्हे, तर क्षमा करतात म्हणून एकत्र राहतात, अशा अर्थाचे काही डायनाला सांगतो. हा प्रसंग मला मनापासून आवडतो. पण तो ऐकताना वाटते की क्षमा त्याने तिला करायची आहे, असेच आपण प्रेक्षक गृहीत धरलेले असते; वास्तविक अखेरच्या दृश्यात समुद्रावरच्या धक्क्यावर शेजारी बसलेल्या दोघांपैकी क्षमा करण्याजोगे अधिक काही डायनाकडेच होते.