लॅटिन म्हणे संस्कृतची मुलगी!

परत तो फॉरवर्ड फिरायला लागलाय. लॅटिन संस्कृतातून निघाली, ब्रिटिश भाषाभ्यासक विल्यम जोन्सनेच ते कबूल केलं, लॅटिनची सगळी क्रियापदं पाणिनीच्या धातुपाठातली (म्हणजे क्रियापदांच्या मुळांच्या यादीतली), आणि पुरावा म्हणून खाली अस्ति-एस्त, सन्ति-सुंत अशी यादी.

आधी जोन्स. १७८६ मध्ये कलकत्त्याला त्याने संस्कृतचं तोंडभरून कौतुक केलं हे खरंय, पण पुढचं वाक्य फॉरवर्डवाल्यांनी सोयीस्कर गाळलंय. तो म्हणाला की संस्कृत, ग्रीक, लॅटिन एकाच मुळातून आल्या असाव्यात आणि ते मूळ कदाचित आता उरलेलंही नसेल. म्हणजे आई तिसरीच कोणीतरी.

यादीतल्या जोड्या बरोबर आहेत, वाद नाहीच. फ्रांत्स बॉप या जर्मन भाषातज्ज्ञाने १८१६ मध्ये क्रियापदांच्या रूपांची अशीच तुलना करून पुस्तक काढलं. पण साम्यावरून नातं कळतं, कोण कोणाची आई ते नाही कळत, त्यासाठी फरक बघायला लागतात.

आता शाळेत संस्कृत घेतलेल्यांनी आठवा, कृ धातूचं लिट् (भूतकाळाचं एक रूप, यात धातूचं पहिलं अक्षर दोनदा येतं, तेच द्वित्व) चकार. ककार का नाही? पाणिनी नियम देतो, कुहोश्चुः, म्हणजे द्वित्वात क चा च होतो, पण असं का होतं ते सांगणं त्याचं कामच नव्हतं. कारण असं की द्वित्वातला तो स्वर आधी 'ए' होता (ऱ्हस्व), त्याच्यामुळे क चा च झाला, मग संस्कृतात ए, ओ, अ तिन्ही मिळून नुसता अ उरला, आणि च मात्र मागे राहिला. लॅटिनमध्ये कानो म्हणजे गातो, आणि गायलो म्हणजे केकिनी, तिथे क पण जागेवर आणि ए पण जागेवर! 'च' (आणि) या अव्ययाचंही तेच, लॅटिनमध्ये क्वे. आता संस्कृतात जो ऱ्हस्व ए पुसलाच गेला तो लॅटिनने संस्कृतकडून घेतला कसा, हे कोणीतरी सांगा.

धातुपाठाचा मुद्दा तर अजून कच्चा. अमाबाम, म्हणजे मी प्रेम करत असे, यातलं -बाम हे भू धातूच्या भावकीतलं आहे, लगेच खूश होऊ नका, कारण संस्कृतात भू जोडून कारयाम्बभूव होतं ते लिट्, लॅटिनचा हा अपूर्ण भूतकाळ, दोघींनी जुनं सामान घेऊन आपापलं घर वेगवेगळं बांधलंय. आणि अमावी (मी प्रेम केलं) मधल्या -वी ला संस्कृतात जोडीदार शोधायला गेलात तर अजून विद्वान भांडतायत.

राहिलं "संस्कृत जुनी". ऋग्वेद लॅटिनच्या सगळ्यात जुन्या शिलालेखांपेक्षा कितीतरी जुना आहे, मान्य, पण वयाने मोठी चुलत बहीण आई कधीपासून व्हायला लागली?