व्होल्तेरच्या नावावर इंग्रजांना प्रशस्तिपत्रक

एक ढकलपत्र सध्या बरंच फिरतंय. त्याचा सारांश असा: अठराव्या शतकात जे परदेशी विचारवंत इंग्लंड पाहून आले, त्या सगळ्यांनी एकमुखाने लिहून ठेवलंय की तिथे धर्मस्वातंत्र्य होतं, राज्यव्यवस्था आदर्श होती, गरीब-श्रीमंत असा भेद नव्हता. साक्षीदार परके, म्हणजे निःपक्षपाती. सबब इंग्रज जात्याच उदार, आणि पुढे आपल्याला जे मिळालं ते याच उदारपणातून.

व्होल्तेर या फ्रेंच लेखकासारखी त्यातली नावं खरी आहेत. पुस्तकं मात्र कोणी उघडलेली दिसत नाहीत.

आधी धर्मस्वातंत्र्य. लंडनच्या रॉयल एक्स्चेंज या व्यापारी बाजारात ज्यू, मुसलमान आणि ख्रिस्ती एकमेकांशी बिनदिक्कत सौदे करतात आणि काफर म्हणतात ते फक्त दिवाळखोराला, हा उतारा व्होल्तेरच्या इंग्लंडवरच्या पत्रसंग्रहातलाच. पण त्याच पत्रसंग्रहात तो हेही सांगतो की अँग्लिकन या तिथल्या अधिकृत ख्रिस्ती पंथाचं असल्याशिवाय इंग्लंड-आयर्लंडात सरकारी पद मिळत नाही. हे वाक्य कोणी पुढे ढकलत नाही. आणि ते खरंच होतं. ही अट घालणारा 1673 चा टेस्ट कायदा 1828 पर्यंत रद्द झाला नाही. ज्यूंना नागरिकत्वाची वाट मोकळी करणारा कायदा संसदेने 1753 मध्ये केला, त्यावर एवढा गदारोळ उठला की त्याच वर्षी तो मागे घ्यावा लागला.

मग व्होल्तेर एवढा खूश का? रोहान घराण्यातल्या एका सरदाराशी त्याची पॅरिसमध्ये बाचाबाची झाली. सरदाराने नोकरांकरवी त्याला चोप दिला आणि वर बास्तीयच्या तुरुंगात गेला तो व्होल्तेरच. इंग्लंडला निघून जातो या बोलीवर 1726 मध्ये सुटला. असा माणूस जेव्हा लिहितो की इंग्लंडात सरदार आणि पाद्री आहेत म्हणून कुणाला करमाफी नाही, तेव्हा तो इंग्रजांची आरती ओवाळत नसतो, फ्रान्सला टोमणा मारत असतो. लेकी बोले सुने लागे! सुनेला ते बरोबर लागलंही: 1734 मध्ये हे पत्रांचं पुस्तक फ्रेंचमध्ये निघालं आणि पॅरिसच्या उच्च न्यायालयाने ते जल्लादाकरवी जाळलं. (ढकलपत्राच्या शेवटचं ‘तुमचं म्हणणं मला अमान्य आहे, पण ते मांडण्याच्या तुमच्या हक्कासाठी मी प्राण देईन’ हे वाक्य व्होल्तेरचं नाही. ते एव्हलिन बिअॅट्रिस हॉल या इंग्रज लेखिकेने 1906 मध्ये लिहिलंय.)

आता आदर्श राज्यव्यवस्था. फ्रेंच राज्यविचारवंत मोंतेस्क्यू 1729 ते 1731 इंग्लंडात होता आणि 1748 च्या ग्रंथात त्याने इंग्रजी राज्यरचनेवर ते प्रसिद्ध प्रकरण लिहिलं. त्याच प्रकरणाच्या अखेरीस तो स्वतःच म्हणतो की इंग्रज हे स्वातंत्र्य प्रत्यक्षात उपभोगतात की नाही, हे तपासणं माझं काम नाही. त्यांच्या कायद्यांत ते आहे, एवढं मला पुरे. प्रशस्तिपत्रकात एवढी मोठी सूट कोण ठेवतं? त्याची खासगी टिपणं 1818 मध्ये छापली गेली, त्यांत तर भाषा अगदी रोखठोक आहे: इथे खरा मान पैशाला; अब्रूला आणि सचोटीला थोडाच; इंग्रज आपल्या स्वातंत्र्याच्या लायकीचे उरले नाहीत, हे स्वातंत्र्य ते राजाला विकतात. ओल्ड सेरम या ओसाड गावाचे दोन खासदार आणि मँचेस्टरचा 1832 पर्यंत एकही नाही, हे लक्षात घेतलं तर टिपणांतला संताप कळतो. तत्त्वज्ञ रुसोने 1762 मध्ये एका वाक्यात निकाल लावला: इंग्रज स्वतःला स्वतंत्र समजतात, पण ते स्वतंत्र असतात फक्त निवडणुकीपुरते. झालं एकमत!

गरीब-श्रीमंत भेद नव्हता, हा सगळ्यांत कच्चा दावा. लंडनचे कामकरी कॉफीहाउसात बसून वर्तमानपत्रं वाचतात, हे स्विस प्रवासी सोस्यूरने कौतुकाने टिपलंय. पण नीटनेटका पोशाख करून रस्त्यावर निघालेल्याला ‘फ्रेंच कुत्रा’ म्हणून शिव्या बसतात, हेही त्यानेच लिहिलंय. 1782 मध्ये कार्ल फिलिप मोरित्झ हा जर्मन लेखक इंग्लंडात पायी हिंडला. गाडी नाही, घोडा नाही, म्हणजे भिकारीच, असं धरून खाणावळवाले त्याला झिडकारत.

आणि साक्षीदार युरोपातलेच का घ्यायचे? लखनौचा मिर्झा अबू तालिब खान 1800 ते 1802 लंडनमध्ये राहिला, मेजवान्यांत रमला, इंग्रजांचे गुणही त्याने मनापासून सांगितले. पण दोष मोजले बारा: गर्व, पैशाचा हव्यास, दुसऱ्यांच्या चालीरीतींबद्दल तुच्छता वगैरे. समतेबद्दल तो म्हणतो की ती दिसायलाच आहे. गरीब आणि श्रीमंतांच्या सुखसोयींतलं अंतर हिंदुस्थानापेक्षा इंग्लंडात जास्त आहे.

इंग्लंडात वेगळं काहीच नव्हतं, असं नाही. छापण्याआधी मजकूर सरकारला दाखवायची सक्ती तिथे 1695 मध्ये संपली, आणि फ्रेंच लेखकांना ही गोष्ट स्वप्नवत वाटणं साहजिक होतं. पण ‘आपल्याला जे मिळालं’ त्याचं काय? अबू तालिब विलायतेला निघाला ते साल 1799. त्याच साली गव्हर्नर जनरल वेलस्लीने कलकत्त्याच्या वर्तमानपत्रांवर फर्मान काढलं: सरकारी अधिकाऱ्याने तपासल्याशिवाय अंक छापायचा नाही, आणि मोडलं तर संपादकाची रवानगी युरोपला.