झाकण ‘टक्’ वाजलं म्हणून बाटली खाण्याजोगी होत नाही

फोंड्याच्या माझ्या आत्याने परवा फोनवर हौसेने सांगितलं, ‘‘ॲस्परॅगसच्या पाच बाटल्या भरल्या, पावसाळ्याची बेगमी झाली.’’ ॲस्परॅगस म्हणजे कोवळ्या कोंबांची परदेशी भाजी. तिचा नातू कळंगुटच्या एका हॉटेलात स्वयंपाकी आहे. हंगाम संपताना उरलेल्या जुड्या त्याने आणल्या. कृती व्हॉट्सॲपवरची: काड्या मिठाच्या पाण्यात भरा, झाकण घट्ट लावा, बाटली पंधरा मिनिटं उकळत्या पाण्यात ठेवा, वर्षभर फ्रिजशिवाय टिकते. तोच मेसेज मला तीन ग्रुपांवर आलाय. आता गप्प बसवत नाही. त्यातली वाक्यं एकेक करून पाहू.

‘झाकण टक् वाजून आत ओढलं गेलं की बाटली सुरक्षित.’ सगळ्यात घातक वाक्य हेच. झाकण आत गेलं म्हणजे आत हवा उरली नाही, एवढंच. क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम या जिवाणूला तर तेच हवं असतं: हवा नको, आंबट नको, खोलीतली ऊब पुरे. त्याचे बीजाणू, म्हणजे टणक कवचातलं त्याचं झोपी गेलेलं रूप, मातीत असतात आणि ॲस्परॅगसचा कोंब मातीतूनच वर येतो. 100 अंशांच्या उकळीत ते मरत नाहीत. पीएच (आंबटपणाचं माप; आकडा जितका मोठा तितका आंबटपणा कमी) 4.6 च्या वर असेल तर पुढे तिथेच वाढून विष तयार करतात. ॲस्परॅगसचा पीएच 6 च्याही वर. म्हणूनच अमेरिकेच्या कृषी खात्याची घरगुती कॅनिंगची पुस्तिका साध्या पाण्यातल्या ॲस्परॅगससाठी प्रेशर कॅनरच (बाटल्या दाबाखाली 100 अंशांच्या वर तापवणारं मोठं भांडं) सांगते, अर्ध्या लिटरच्या आसपासच्या बाटलीला 30 मिनिटं. 2015 मध्ये ओहायोत एका चर्चच्या जेवणात असेच बाटलीत भरून नुसत्या उकळत्या पाण्यात ठेवलेले बटाटे वाढले गेले. 29 जण आजारी पडले, एक दगावला.

‘वास आला तरच फेका.’ या विषाला वास नसतो, चवही नसते. ते पोटात गेलं की एकाचे दोन दिसायला लागतात, पापण्या मिटतात, घास गिळवत नाही, मग श्वास अडतो.

‘नाहीतर कुकरच्या तीन शिट्ट्या.’ कुकरमध्ये 100 च्या वर तापमान जातं, हे मान्य. पण तो झटकन तापतो, झटकन निवतो, आणि कॅनिंगच्या वेळा मोठ्या कॅनरवर तपासलेल्या आहेत. शिट्ट्या मोजून हे काम होत नाही.

‘आपल्या आज्या फ्रिजशिवायच टिकवायच्या.’ खरं आहे. मिस्कूट (कैरीचं लोणचं) टिकतं, चेपणीची तोरं (मिठात मुरवलेल्या कोवळ्या कैऱ्या) टिकतात. पण कैरी मुळातच आंबट, वर मिठाचा मारा. ॲस्परॅगसमध्ये तो आंबटपणा कुठून येणार?

रंगासाठी चिमूटभर सोडा म्हणे! तो असलेला आंबटपणाही घालवतो. आणि ‘ही आपलीच शतावरी’ म्हणे! असेलही जवळची, औषधी शतावरीची मुळं वापरतात, पण त्या नात्याने बाटलीतले बीजाणू मरत नाहीत.

लोणचं घालायचंच तर व्हिनेगरमध्ये. त्याच खात्याच्या कृतीत 5 टक्क्यांचं व्हिनेगर आणि पाणी समसमान असतं, मग बाटल्या 10 मिनिटं उकळायच्या. आपल्याकडे कायद्याने 3.75 टक्के आम्ल असलं तरी व्हिनेगर म्हणून विकता येतं, आणि शेजारणीकडच्या माडाच्या व्हिनेगरचं माप कोणी काढलेलं नसतं. तेव्हा लेबल वाचा. 5 टक्के नसेल तर लोणचं फ्रिजमध्येच ठेवा आणि लवकर संपवा.

आत्याला पाचही बाटल्या न उघडता, न चाखता पिशवीत बांधून टाकायला लावल्या. तिला फार वाईट वाटलं. एक जुडी उरली होती, तिची त्या रात्री तिने खोबरं आणि हिरवी मिरची घालून भाजी केली.