'नकली आफ्रिकन' लिहिलेल्या रिव्ह्यूला आमचं उत्तर

नमस्कार सर, आमच्या शनिवारच्या डान्स शोला फॅमिलीसकट आलात त्याबद्दल आधी थँक्यू. शो वीस-पंचवीस मिनिटं उशिरा सुरू झाला, मुलं कंटाळली, त्याबद्दल मनापासून सॉरी. एक स्टार दिलात तेही ठीक, आवडणं न आवडणं तुमचा हक्क आहे. पण "आफ्रिकन डान्स सांगून गुजरातची माणसं रंगवून उभी केली, नकली आफ्रिकन, सहाशे रुपयांची फसवणूक" हे जे लिहिलंय ना, ते फार लागलं. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

शो संपल्यावर चहाच्या टेबलापाशी तुम्ही आमच्या ढोलवाल्या चाचांना विचारलंत की कुठल्या देशाचे, ते म्हणाले रतनपूर, भरुच जिल्हा, आणि तुम्ही त्यांच्यासमोरच हसून मॅडमना म्हणालात "बघ, म्हटलं नव्हतं मी?" मी शेजारीच कप भरत होते. सर, ते खरंच रतनपूरचे आहेत. ते सिद्दी आहेत. त्यांचे पूर्वज आफ्रिकेतून आले, कुणाला अरब आणि पोर्तुगीज व्यापाऱ्यांनी गुलाम म्हणून आणून विकलं, कुणी सैनिक म्हणून आलं, कुणी खलाशी म्हणून, आणि हे सगळं कित्येक पिढ्यांपूर्वीचं. एवढ्या पिढ्या गुजरातेत काढलेला माणूस गुजरातीच बोलणार ना? पोस्टरवर "आफ्रिकन वंशाच्या समाजांच्या परंपरांवर आधारलेला कंटेंपररी डान्स" असं होतं, "आफ्रिकेहून आलेले कलाकार" असं कुठेच नव्हतं, पोस्टर अजून पेजवर आहे, बघून घ्या. आणि निदान आपल्याकडे तरी हे नवीन वाटू नये. मुरूडला जंजिरा बघायला आपण सगळेच जातो, तिथे १९४८ पर्यंत सिद्दी नवाब होते, आणि निजामशाही सांभाळणारा मलिक अंबर मूळचा इथिओपियाचा, गुलाम म्हणून विकला गेलेला. त्याला कोणी नकली म्हणत नाही.

रंगवून म्हणालात, तर चेहऱ्यावरचे ठिपके आणि कमरेची मोरपिसं हा धमालचा, म्हणजे सिद्दींच्या पारंपरिक नाचाचा पोशाख आहे, रंग त्यांचा स्वतःचाच आहे. धमाल हे रतनपूरच्या टेकडीवर बावा गोरच्या दर्ग्यात उरुसाला होतं, त्यांच्यासाठी ती भक्ती आहे, हॉलमध्ये करायला ते तयार झाले हेच आमच्यावर उपकार. चाचांनी नारळ उंच फेकून डोक्यावर झेलून फोडला तेव्हा तुमचाच धाकटा खुर्चीवर उभा राहून ओरडत होता, मी विंगेतून बघितलंय!

उशिराचं कारणही सांगते. पायांवर उभा राहणारा मोठा ढोल असतो ना, मुगरमान, त्याचं कातडं पावसाळी हवेत सैल पडतं, तापवल्याशिवाय आवाज नीट निघत नाही, हॉलवाले आत शेगडी पेटवू देत नाहीत, मग मागे पत्र्याच्या शेडखाली तापवायला लागलं आणि त्यात पाऊस. ट्रॅक लावून वेळेत सुरू करता आलं असतं, पण मग एवढ्या लांबून माणसं बोलवायचीच कशाला. शिवाय मलुंगा, ते भोपळा लावलेलं धनुष्यासारखं एकतारी वाद्य, ते वाजवणारे आता फार थोडे उरलेत. ब्राझीलच्या कपोएरात, म्हणजे नाचासारख्या युद्धकलेत, बेरिंबाऊ नावाचं वाद्य वाजतं ते जवळपास तसंच दिसतं आणि तसंच वाजतं, दोन्हीकडे आफ्रिकेतून नेलेल्या माणसांबरोबर गेलेलं. आमचा पूर्ण शो ह्या एका गोष्टीवर उभा आहे.

दुसऱ्या भागात आमच्या मुली "वाकून वाकून नाचतात, ग्रेस नाही" असंही लिहिलंय. ते यानवालू आहे, कॅरिबियनमधल्या हैतीचं, तिथे नेलेल्या आफ्रिकन लोकांच्या परंपरेतलं नृत्य. गुडघे वाकलेले आणि पाठीचा कणा लाटेसारखा हलवत राहायचा, पाच मिनिटं करून बघा म्हणजे कळेल मांड्यांचं काय होतं. कॅथरीन डनहॅम ह्या अमेरिकन डान्सर मानववंशशास्त्र शिकत असताना १९३५-३६ मध्ये हैतीला जाऊन हे शिकल्या आणि त्यातून स्वतःचं टेक्निक उभं केलं, ते आम्ही वर्गात शिकवतो. मुली नोकऱ्या, कॉलेज सांभाळून रात्री रिहर्सल करतात हो.

सहाशे रुपयांत हॉलचं भाडं, साऊंड, भरुचहून ढोलांसकट येणारा टेम्पो, सगळ्यांचं राहणं-जेवण आणि कलाकारांचं मानधन आहे. मानधन आम्ही आधी देतो, उरलं तर आमचं. तुम्हाला पैसे परत हवे असतील तर मेसेज करा, देते, खरंच देते. पण सर, तेवढी "नकली" आणि "फसवणूक" असलेली ओळ काढाल का? पुढच्या महिन्यात दोन शाळांमध्ये शो ठरतोय आणि हल्ली प्रिन्सिपलसुद्धा आधी रिव्ह्यू बघतात. शिवाय चाचांचा मुलगा आमचं पेज फॉलो करतो.

शोआधी सिद्दी समाजाबद्दल दोन शब्द बोलायचं आता नक्की बघतो, वेळेचंही काहीतरी करतो. पार्किंगबद्दल लिहिलंत ते बरोबर आहे, हॉलवाल्यांशी बोलते.