मारबत काढून राग जात नाही

"दुखावणाऱ्याची मनातल्या मनात मारबत काढा, उशीवर बुक्के मारा, द्वेष निघून जाईल" हा त्रासदायक नातेवाइकांवरच्या एका लेखातला सल्ला वाचायला झकास, पण उलटा पडतो. (मारबत म्हणजे नागपुरात पोळ्यानंतर वाईटाचं प्रतीक म्हणून मिरवून जाळतात तो पुतळा.) अमेरिकी मानसशास्त्रज्ञ ब्रॅड बुशमन यांच्या २००२ च्या प्रयोगात, राग आणणाऱ्याला आठवत पंचिंग बॅगवर ठोसे मारणारे लोक शांत बसलेल्यांपेक्षा जास्त चिडलेले निघाले. आणि पिवळी मारबत वर्षातून एकदाच निघते हो, सासरचा फोन रोज येतो!

लेखात राहिलेली गोष्ट म्हणजे सीमा कशी आखायची. "टोमणे मारू नका" ही विनंती झाली, ती पाळणं सासरच्यांच्या हातात. "पगाराचा विषय निघाला की मी फोन ठेवीन" हे तुमच्या हातात. एका वेळी एकच विषय घ्या. कारणं देऊ नका, दिली की त्या कारणांवरच वाद सुरू होतो. सुरुवातीला त्रास वाढतो: जास्त फोन, रडारड, काकांमार्फत निरोप. लोक ढिले पडतात ते इथेच. पाचव्या फोनला उचललात, तर समोरचा एवढंच शिकतो की पाचदा लावला की काम होतं. मारहाण होत असेल तर मात्र हे काही करत बसू नका, सरळ ११२ लावा.