घोडे पळत नव्हते, आपण पळवतोय

राणी व्हिक्टोरियाच्या हीरक महोत्सवी मिरवणुकीचा एक व्हिडिओ सध्या जोरात फिरतोय. लंडन, २२ जून १८९७. खाली मजकूर: 'अस्सल रंगीत, आवाजासकट! तेव्हाचे कॅमेरे भिकार, म्हणून शिपाई बाहुल्यांसारखे तुरुतुरु चालतात. अख्खी मिरवणूक सलग बघा.' तारीख बरोबर आहे. बाकीचं एकेक घेऊ.

आधी वेग, कारण लोक हसतात ते त्यालाच. कॅमेरा हाताने फिरवायचा. ढोबळ हिशेब असा: एका फेऱ्यात ८ चित्रं, सेकंदाला २ फेरे, म्हणजे १६ चित्रं. (हात दमला की कमी, उत्साह आला की जास्त.) पुढे बोलपटांसाठी २४ चा वेग ठरला. १६ ची फीत २४ ने सोडली की सगळं दीडपट. पायदळाची क्विक मार्चची चाल मिनिटाला १२० पावलांची, ती पडद्यावर १८० होते. यात कॅमेऱ्याचा काय दोष? खात्री हवी तर स्वारांकडे न बघता घोड्यांच्या पायांकडे बघा. चालत्या घोड्याचे चारही पाय एकेक करून पडतात, दुडकीत तिरपी जोडी एकदम पडते. पाय एकेक पडत असतील तर तो घोडा चालतोय, मग तुमच्या मोबाइलवर कितीही उधळलेला दिसो. प्लेबॅक ०.७५ वर आणा, तीच पलटण भारदस्त वाटायला लागेल.

रंग आत्ताचे, संगणकाने चढवलेले. लवाजम्याचे खरे रंग बघायचे तर किनेमाकलर ही रंगीत चित्रीकरणाची पद्धत येईपर्यंत थांबावं लागतं. १९११ चा दिल्ली दरबार तिच्यात टिपला आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनच्या स्काला थिएटरात दाखवला. लाल आणि हिरव्या काचेतून आळीपाळीने चित्रं घ्यायची, म्हणून फीत दुप्पट वेगाने पळवायची. निळा मात्र त्यातही कच्चाच.

टापांचा आवाज? तो तर कुणीतरी मागाहून चिकटवलाय.

आणि 'सलग'! तेव्हाची फीत बहुधा ४० फुटांच्या आसपास. फुटाला १६ चित्रं, म्हणजे चाळीसेक सेकंदांत खेळ खलास. कॅमेरेवाले मार्गावर जागोजागी ठाण मांडून बसलेले; त्यांच्यातला रॉबर्ट पॉल हा इंग्रज चित्रपटकार सेंट पॉल कॅथेड्रलच्या आवारात होता. राणीला पायऱ्या चढवत नव्हत्या, म्हणून प्रार्थनाही तिथे बाहेरच, ती बग्गीत बसलेली असताना झाली. तिच्या बग्गीचे सायीच्या रंगाचे आठ घोडे दिसायच्या आत हँडल फिरवायला लागलं, तर पदरात नुसते शिपाईच पडायचे.