झाकली मूठ एक कोटी आठ लाखांची

घरासाठी कर्ज काढायचं ठरलंय ना? मग पहिली खबरदारी अशी, की हप्ता सोडून दुसरा कोणताही आकडा नजरेला पडू द्यायचा नाही. हप्ता परवडतो म्हणजे घर परवडतं, विषय संपला. यापुढे विचार करणाऱ्यांची झोप उडते, आणि एवढं महागाचं छप्पर घेऊन त्याखाली जागत पडायचं म्हणजे घराचाच अपमान.

उदाहरणापुरतं धरून चालू: मुद्दल 50 लाख, व्याजदर 9 टक्के, मुदत 20 वर्षं, आणि व्याजाची आकारणी दर महिन्याच्या घटत्या शिलकीवर. चलन कोणतंही धरा, गणिताला त्याचं सोयरसुतक नसतं. हप्ता येतो 44,986. हा आकडा पाठ करा, पण त्याला 240 ने गुणू नका. गुणणाऱ्यांच्या पदरी 1 कोटी 7 लाख 96 हजारांहून थोडी जास्त रक्कम पडते, म्हणजे 50 लाखांवर सुमारे 58 लाख व्याज. एका घरात राहायचं आणि दोन घरांचे पैसे भरायचे, हे एकदा कळलं की पुन्हा न कळल्यासारखं करता येत नाही. म्हणून मूठ झाकलेलीच बरी.

हप्ता जड वाटतोय? मुदत वाढवून घ्या. 20 ची 30 वर्षं केली की हप्ता 40,231 वर येतो. दरमहा 4,755 वाचले! समोरचा अधिकारी हे इतक्या आपुलकीने सांगतो, की बदल्यात एकूण व्याज 58 लाखांवरून जवळजवळ 95 लाखांवर जातं हे त्याला विचारणं असभ्यपणाचं ठरेल. आवळा देऊन कोहळा काढणं म्हणतात ते हेच, फक्त यात आवळा दर महिन्याला मिळतो आणि कोहळा शेवटची दहा वर्षं जातो. उलट दिशेला जायचा मोह मात्र आवरा. तेच कर्ज 15 वर्षांत फेडायचं तर हप्ता 50,713 होतो आणि व्याज 41 लाखांच्या आसपास थांबतं. दरमहा पावणेसहा हजार जास्त भरून साडेसोळा लाखांहून अधिक वाचवणं, असला कोतेपणा आपल्याला शोभत नाही.

परतफेडीचं वेळापत्रक म्हणून एक लांबलचक तक्ता कर्जासोबत मिळतो. तो घडी न मोडता फायलीत ठेवा. उघडलात तर पहिल्याच ओळीत दिसेल, की 44,986 पैकी 37,500 व्याजात गेले आणि मुद्दलातून फिटले 7,486. यात लबाडी कुणाची नाही. 50 लाखांवर 9 टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज तेवढंच होतं. पण सबंध वर्षभर 5 लाख 40 हजार भरून कर्ज फक्त 93,635 ने कमी झालेलं पाहायला मन घट्ट लागतं. पाच वर्षांनी सुमारे 27 लाख भरून झालेले असतात आणि डोक्यावर 44 लाख 35 हजार शिल्लक असतात. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा पहिल्यांदा मोठा होतो तो 149 व्या हप्त्याला, म्हणजे बारा वर्षं उलटल्यावर. निम्मं कर्ज फिटायला 168 हप्ते लागतात, चौदा वर्षं. निम्म्या मुदतीत निम्मं कर्ज फिटतं हा सगळ्यांचा आवडता समज आहे, तो तुम्ही कशाला मोडता?

हा तक्ता घरीच करता येतो, ही बातमीही फार पसरू देऊ नये. कोणत्याही स्प्रेडशीटमध्ये पाच रकाने लागतात: महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, अखेरची शिल्लक. व्याज म्हणजे सुरुवातीची शिल्लक गुणिले वार्षिक दर भागिले 12. हप्त्यातून व्याज वजा केलं की मुद्दल, शिलकीतून मुद्दल वजा केलं की अखेरची शिल्लक, आणि तीच पुढच्या ओळीची सुरुवात. सूत्र एकदा लिहून 240 ओळी खाली ओढायचं. दहा मिनिटांचं काम आहे, म्हणूनच ते वीस वर्षं टाळता येतं.

आता दराकडे वळू. दर तरता असेल, तर बाजार वर गेला की तो वर जातो, बाजार खाली आला की थोडा रेंगाळून खाली येतो. दर वाढल्यावर हप्ता वाढवावा की मुदत? इथे तुमची एकच भूमिका हवी: हप्त्याला हात लावायचा नाही. खात्यातून तीच रक्कम कापली जाते, घरात कुणाला काही कळत नाही, शांतता अबाधित राहते. वरच्या कर्जाला एक वर्ष झालंय आणि दर 9 चा 10 झाला असं समजा. हप्ता तोच ठेवला तर उरलेले 228 महिने एकदम 289 होतात. पाच वर्षं वाढली, आणि ती कुणी तुमच्याकडे मागितलीसुद्धा नाहीत.

दर 11 झाला तर आणखी मौज. शिल्लक 49 लाख 6 हजार, त्यावर महिन्याचं व्याज 44,975, हप्ता 44,986. म्हणजे मुद्दलात दरमहा 11 जमा होतात. अकरा हजार नव्हेत, नुसते अकरा. या वेगाने कर्ज फिटायला 75 वर्षांहून अधिक लागतात. साडेअकरा टक्क्यांना तर व्याजच 47 हजारांवर जातं. मग हप्ता वेळच्या वेळी भरूनही शिल्लक दर महिन्याला वाढते, बुडत्याचा पाय खोलात जातो. बहुतेक ठिकाणी त्याआधीच हप्ता वाढवण्याचं पत्र येतं, कारण मुदतीला कर्जदाराच्या वयाची मर्यादा असते. ते पत्र आलं की दचकायचं आणि ‘आम्हाला कुणी सांगितलंच नाही’ म्हणायचं. दर कधी बदलणार, बाजारातल्या कोणत्या दराला जोडलेला आहे, त्यावर सावकाराचा स्वतःचा किती टक्के अधिभार आहे, हे सगळं मंजुरीपत्रात लिहिलेलं असतं. पण मंजुरीपत्र सही करण्यासाठी असतं, वाचण्यासाठी नव्हे.

अधिभाराचा विषय निघालाच आहे, तर नव्या ग्राहकांना मिळणारा दर अधूनमधून पाहायची सवयही लावून घेऊ नका. जुन्या कर्जावरचा अधिभार करारात बांधलेला असतो आणि नव्यांना आकर्षित करण्यासाठी तो कमी केलेला असतो. पुष्कळदा एक अर्ज आणि थोडं शुल्क एवढ्यावर जुना दर बदलून मिळतो. पण मागितल्याशिवाय देत नाहीत, आणि मागणं तुमच्या स्वभावात नाही.

कुणी सरसकट दराने, म्हणजे फ्लॅट रेटने कर्ज देत असेल तर आकडा लहान म्हणून ते घ्यावं. 9 पेक्षा 6 कमी, हे तर शाळेतलं पोरही सांगेल. सरसकट 6 टक्के म्हणजे फेडलेल्या मुद्दलावरही शेवटपर्यंत व्याज: 50 लाखांवर वर्षाला 3 लाख, 20 वर्षांत 60 लाख. हप्ता 45,833. घटत्या शिलकीवरच्या 9 टक्क्यांचा हप्ता यापेक्षा 847 ने कमी होता, पण 6 या आकड्यात जो गोडवा आहे तो त्यात नाही.

किरकोळ खर्चांची चर्चा फार करू नये. प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, नोंदणी, कर, हे सगळं ‘आता एवढं केलंय तर’ या खात्यात टाकायचं. विम्याचा हप्ता एकरकमी असेल तर तो कर्जातच मिसळून घ्या, खिशातून काही जात नाही. दीड लाखाचा विमा 20 वर्षांत 3 लाख 24 हजारांना पडतो, आणि कर्ज सातव्या वर्षी दुसरीकडे नेलं तर त्या विम्याचं काय होतं हे आधी विचारायचं नसतं. सोफा, पडदे, कपाटंही याच दराने घ्या. 2 लाखांचा सोफा 4 लाख 32 हजारांचा होतो. त्याच्या स्प्रिंगा आठव्या वर्षी बाहेर येतील, हप्ते विसाव्या वर्षी संपतील.

हातात चार जादा पैसे आले तर ते कर्जात भरण्याची दुर्बुद्धी काहींना होते. त्यांची अवस्था पाहा. पहिल्या वर्षाअखेर 1 लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज जवळजवळ बारा महिने आधी संपतं आणि 4 लाख 28 हजारांच्या आसपास व्याज वाचतं. हाच लाख पंधराव्या वर्षाअखेर भरला तर जेमतेम 55 हजार वाचतात. तेव्हा भरायचेच झाले तर शेवटी शेवटी भरा, आणि मुदत कमी करू की हप्ता, असं विचारलं तर हप्ता म्हणा. पहिल्याच वर्षीचा तो लाख हप्ता कमी करण्यात घातला तर महिन्याला 917 कमी जातात आणि एकूण बचत लाखभरावर येते. उरलेले सव्वातीन लाख सावकाराला सप्रेम भेट. फॉर्मवर काही खूण केली नाही तर हिशेब कोणत्या बाजूने होईल तो होईल, तेव्हा रकाना कोरा सोडणंही चालेल. (गंभीरपणे एवढंच: सहा महिन्यांचा खर्च हाताशी नसताना सगळी पुंजी कर्जात ओतणं हीदेखील मूर्खपणाचीच एक जात आहे. कर्जात गेलेला पैसा अडचणीच्या दिवशी परत मागता येत नाही. क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर आधी ती फेडायची, तिचा दर याच्या कितीतरी पट असतो.)

कर्ज दुसरीकडे हलवण्याची संधी मात्र सोडू नका. पाच वर्षांनी कुणीतरी साडेआठ टक्के देऊ करतो. शिल्लक 44 लाख 35 हजार, नवी मुदत पुन्हा 20 वर्षं, नवा हप्ता 38,491. दर अर्ध्या टक्क्याने उतरला, हप्ता साडेसहा हजारांनी उतरला, याहून आनंदाची बातमी काय असणार? जुन्या जागी उरलेले 180 हप्ते मिळून 80 लाख 97 हजार भरायचे होते, नव्या जागी 240 हप्त्यांचे 92 लाख 38 हजार होतात. स्वस्त दराचं कर्ज घेऊन 11 लाख 40 हजार जास्त भरण्याची ही किमया पुष्कळांना साधते. नव्या सावकाराला ‘मुदत उरलेल्या पंधरा वर्षांचीच ठेवा’ असं सांगितलं तर हप्ता 43,677 होऊन उलट 2 लाख 36 हजार वाचतात, शुल्क वजा जाता थोडे कमी. पण मग लोकांना सांगण्यासारखं काही उरत नाही.

लोकांना सांगण्यावरून आठवलं, फायद्याचा हिशेब कसा सांगायचा तेही शिकून घ्या. 60 लाखांचं घर, पदरचे 10 लाख, बाकी कर्ज, दहा वर्षांनी 90 लाखांना विक्री. ‘तीस लाख सुटले’ असं म्हणायचं आणि विषय बदलायचा. त्या दहा वर्षांत भरलेलं व्याज साडेएकोणचाळीस लाख होतं, शिवाय डागडुजी, घरपट्टी, विमा, विक्रीचा खर्च आणि त्या 10 लाखांनी दुसरीकडे जे कमावलं असतं ते. समोरच्याने हे काढलंच तर म्हणा, ‘पण भाडं वाचलं ना!’ आणि हे तर खरंच आहे. वाचलेलं भाडं हिशेबात धरल्याशिवाय घर महाग पडलं की स्वस्त, हे ठरतच नाही. फक्त किती भाडं वाचलं तो आकडा काढू नका, अंदाजाने मोठा सांगा.

महागाईचाही आधार घेता येतो. महागाई वर्षाला 6 टक्के राहिली तर विसाव्या वर्षीचा 44,986 चा हप्ता आजच्या 14 हजारांच्या मोलाचा असेल. ऐकायला छान वाटतं आणि खोटंही नाही, मात्र तुमचं उत्पन्नही त्याच चालीने वाढलं पाहिजे. आणि महागाई वाढली की तरता दर बहुधा वर सरकतो. तेव्हा हे वाक्य उच्चारून झालं की लगेच चहा मागवा.

इंग्रजीतला ‘मॉर्गेज’ हा शब्द जुन्या फ्रेंचमधून आला, अर्थ ‘मृत तारण’. सतराव्या शतकातले इंग्लंडचे कायदेपंडित एडवर्ड कोक यांच्या ग्रंथात त्याची फोड अशी आहे, की कर्ज फिटलं नाही तर जमीन कर्जदारापुरती मेली, आणि फिटलं तर सावकारापुरतं तारण मेलं.

हे तारण मेलं की नाही ते बघायला तुम्ही जाणार नाही, हे गृहीतच आहे. शेवटचा हप्ता कापला गेला की सुटकेचा निःश्वास टाका. मूळ कागदपत्रं यादीशी ताडून परत घेणं, ‘देणं बाकी नाही’ असा दाखला मागणं, नोंदणी दप्तरातला सावकाराचा बोजा उतरवून घेणं, खात्यावरची आपोआप कापणीची सूचना रद्द करणं, विमा सावकाराच्या नावावरून सोडवणं, ही कामं आज ना उद्या होतीलच. पुढे कधीतरी घर विकायला काढाल तेव्हा घेणाऱ्याचा वकील दप्तर चाळेल, वीस वर्षांपूर्वीचा बोजा त्याला तसाच्या तसा दिसेल, आणि दाखला मागायला तुम्ही गेलात तर ती शाखा दुसऱ्या शाखेत विलीन झालेली असेल.